कोपर पुन्हा तुटला, फिल्म सोडून देऊ का?

पत्राचा सारांश : पश्चिम महाराष्ट्रातल्या साखर कारखान्याच्या एका गावात कलाशिक्षिका असलेल्या ३४ वर्षांच्या वाचक लिहितात की, गेले दहा महिने त्या एकट्याने स्टॉप-मोशन फिल्म, म्हणजे बाहुल्या थोड्या थोड्या हलवत एकेक फोटो काढून जोडलेली फिल्म, करताहेत. विषय आहे ऊसतोड कुटुंबातली आठ-नऊ वर्षांची मुलगी, जी दिवसभर कोपीवर, म्हणजे ऊसतोड कुटुंबाच्या झोपडीवर, धाकट्या भावाला सांभाळते. फिल्म सहा मिनिटांची ठरवली आहे. पहिले सहा महिने सात बाहुल्या, टायरगाडी, दोन बैल आणि उसाचा फड उभारण्यात गेले. त्यानंतर चार महिने दर शनिवार-रविवार शूटिंग. सेकंदाला २४ फोटो धरून ५२ सेकंद हाती लागली आणि जवळपास तेवढंच काम वाया गेलं. उजेड थरथरतो, मुलीचा कोपर तीनदा तुटला, एप्रिलात क्ले इतकी मऊ पडली की मुलीचं नाक खाली घसरलं. भाच्याने संगणकावर पाच मिनिटांत ‘क्लेसारखी दिसणारी’ चित्रफीत करून दाखवली. घरचे म्हणतात, कशाला जीव जाळतेस? त्यांनी विचारलंय : बिनपगारी रजा घेऊ का, लाखभराचा कॅमेरा घेऊ का, की हे सोडून थ्रीडी शिकू? आणि शेवटी : माझ्यात चिकाटीच कमी आहे का?

ताई, नमस्कार.

शेवटचा प्रश्न आधी घेऊ, कारण बाकीचे तिन्ही त्यातूनच निघालेत. दहा महिन्यांत ५२ सेकंद, म्हणजे सहा मिनिटांना पावणेसहा वर्षं, असा हिशेब मांडून तुम्ही स्वतःलाच दोष दिलाय. हा हिशेब चुकीचा आहे. दहातले सहा महिने तुम्ही शूटिंग केलंच नाही. बाहुल्या केल्या, गाडी जोडली, फड लावला. ते काम परत करायचं नाही. उरलेल्या चार महिन्यांत शनिवार-रविवार धरून साधारण ३४ दिवस होतात. ५२ सेकंदांचे १,२४८ फोटो आणि जवळपास तेवढेच वाया गेलेले, म्हणजे अडीच हजार. दिवसाला सत्तरच्या वर. एकटीने, नोकरी सांभाळून, पहिल्याच फिल्मला हा वेग फार चांगला आहे. मोठ्या स्टुडिओत पूर्णवेळ काम करणारा अ‍ॅनिमेटरसुद्धा दिवसाला दोन-चार सेकंदच पुढे सरकतो, आणि त्याच्या बाहुल्या दुसरं कुणी केलेल्या असतात, दिवे तिसऱ्या कुणी लावलेले असतात.

तेव्हा चिकाटीचा मुद्दाच नाही. तुमच्या फिल्मची आखणी पंधरा माणसांच्या टीमला झेपेल अशी आहे आणि काम करणारे हात दोन आहेत, अडचण ही आहे. आखणी बदलता येते. त्यासाठी नोकरी पणाला लावायची गरज नाही.

आधी ते २४ फोटो. सिनेमा सेकंदाला २४ फ्रेमने चालतो हे खरं, पण म्हणून बाहुली सेकंदाला २४ वेळा हलवायलाच हवी असं कुठे लिहिलेलं नाही. एक स्थिती दोन फ्रेम धरायची, म्हणजे सेकंदाला १२ फोटो, ही हाताच्या अ‍ॅनिमेशनमधली रोजची पद्धत आहे. फोटो निम्म्यावर येतात, आणि तुमची हालचाल बिघडणार तर नाहीच, बहुतेक सुधारेल. दोन स्थितींमधलं अंतर वाढलं की हाताच्या चुकीचं प्रमाण घटतं. २४ला बाहुलीचा हात दर वेळी अर्धा मिलिमीटर सरकवायचा असतो आणि चूकही अर्ध्या मिलिमीटरचीच होते; पडद्यावर तो हात कापरा दिसतो. आतापर्यंतची ५२ सेकंदंही फुकट जात नाहीत. त्या शॉटमधली एकाआड एक फ्रेम काढून टाका आणि उरलेली प्रत्येक फ्रेम दुप्पट वेळ धरा. लांबी तीच राहील आणि नव्या शॉटशी चालही जुळेल.

तुम्ही लिहिलंय की आईचा कोयता मारतानाचा शॉट ‘पाण्यात हलल्यासारखा’ दिसतो, आणि म्हणून पुढच्या वेळी आणखी फोटो काढले. इथे उलटं करायला हवं होतं. जास्त फोटो म्हणजे जास्त संथ हालचाल. घाव बसायला हवा असेल तर १२च्या हिशेबाने तो असा करून पाहा : कोयता धरलेला हात किंचित मागे, तिथे तीन फोटो जवळजवळ स्थिर. मग वर जायला पाच, त्यात पहिली आणि शेवटची सरक लहान, मधल्या मोठ्या. वर एक फोटो थांबा. खाली यायला फक्त दोन. उसाला लागल्यावर पुन्हा तीन फोटो स्थिर, आणि त्यातल्या पहिल्या फोटोत ऊस जरासा वाकलेला. एकूण १४ फोटो, सव्वा सेकंदापेक्षा कमी. जोर दिसतो तो त्या दोन फोटोंमुळे आणि आधीच्या-नंतरच्या थांबण्यामुळे. स्वतः हातात काठी घेऊन तसा वार करा, फोनवर व्हिडिओ घ्या आणि प्रत्येक टप्प्याला किती वेळ लागतो ते मोजा. मुलीची मान, उचललेलं पोर, फुंकलेली चूल, सगळ्याला हीच रीत.

थांबणंही अभिनयच आहे. मुलगी नुसती वाट पाहत बसली आहे अशा दोन सेकंदांना २४ वेगळ्या स्थिती लागत नाहीत. मात्र एकच फोटो दोन सेकंद ताणला तर चित्र मेल्यासारखं वाटतं. बाहुलीला हात न लावता तीन-चार फोटो काढा, तेच उलटसुलट क्रमाने लावा आणि मध्ये एकदा पापणी मिटवा. पापणी मिटून उघडायला तीन फोटो पुरतात. डोळ्यांसाठी मणी वापरले असतील तर बुबुळात सुईचं बारीक भोक ठेवा आणि टाचणीच्या टोकाने नजर फिरवा. नजर आधी, डोकं मागून, एवढं सांभाळलं तरी बाहुली विचार करताना दिसते.

आता उजेडाची थरथर, कारण वाया गेलेल्या कामातलं निम्मं तिच्यामुळे गेलंय आणि नवा कॅमेरा घेऊन ती थांबणार नाही. थरथर कसली आहे ते आधी ओळखा. उजेड हळूहळू कमी-जास्त होत असेल तर खिडकी किंवा विजेचा दाब. एका फ्रेममध्ये उजळ, पुढच्यात किंचित काळी, अशी अधूनमधून उडी असेल तर लेन्सचं अ‍ॅपर्चर, म्हणजे उजेड आत सोडणारं भोक. रंगच बदलत असेल, कधी पिवळट कधी निळसर, तर कॅमेऱ्याची रंग जुळवण्याची सोय, व्हाइट बॅलन्स, ऑटोवर राहिलीय. आणि चित्राच्या एकाच कोपऱ्यात उजेड नाचत असेल तर ती तुमच्या कपड्यांची झाक आहे. पांढरी ओढणी घेऊन सेटजवळ बसलं की उजेड तिच्यावरून उडून बाहुलीवर पडतो, आणि दर फोटोला आपण थोडे वेगळ्या जागी असतो. गडद रंगाचा, पूर्ण बाह्यांचा सदरा घाला आणि फोटो काढताना दर वेळी एका ठरलेल्या जागी मागे सरका.

अ‍ॅपर्चरचं नीट समजून घ्या, कारण ते कुणी सांगत नाही. डीएसएलआरची आजची लेन्स प्रत्येक फोटोला अ‍ॅपर्चरच्या पाकळ्या मिटते आणि परत उघडते. अ‍ॅपर्चरचा आकडा एफ-८ लावला तरी त्या दर वेळी अगदी त्याच जागी येत नाहीत. एकट्या फोटोत तो फरक दिसत नाही, बारा फोटो ओळीने चालले की दिसतो. कुठल्याही कंपनीच्या लेन्सला हे लागू आहे आणि कॅमेऱ्याची कितीही महाग बॉडी घेतली तरी सुटत नाही. उपाय दोन. एक, अ‍ॅपर्चर पूर्ण उघडं ठेवून शूट करा; मग पाकळ्या हलतच नाहीत, पण मागचंपुढचं धूसर होतं. जवळच्या चेहऱ्यांना ते चालतं. दुसरा आणि खरा उपाय म्हणजे जुनी, हाताने फिरवायचं अ‍ॅपर्चरचं कडं असलेली ५० मिलिमीटरची लेन्स आणि तुमच्या बॉडीला बसणारा साधा अडॅप्टर. कडं एफ-८ वर फिरवायचं, फोकस बसवायचा आणि दोन्हीवर चिकटपट्टी लावायची. जुन्या कॅमेऱ्यांच्या दुकानात अशी लेन्स मिळते. घेण्याआधी ती तुमच्याच कॅमेऱ्यावर बसवून बघा, सगळे अडॅप्टर सगळ्या बॉडींना चालत नाहीत.

बाकीची मांडणी अशी : कॅमेरा मॅन्युअलवर, आयएसओ (उजेडाला कॅमेरा किती संवेदनशील, तो आकडा) १०० किंवा २००, व्हाइट बॅलन्स एका आकड्यावर पक्का, ऑटोफोकस आणि स्टॅबिलायझेशन दोन्ही बंद. शटर पाव ते अर्धा सेकंद उघडं राहील असं ठेवा. आपल्याकडची वीज ५० हर्ट्‌झची, त्यामुळे दिव्याचा उजेड सेकंदाला शंभरदा धडधडतो. शटर जास्त वेळ उघडं राहिलं की त्या धडधडीची सरासरी निघते. इतक्या लांब शटरला बटण बोटाने दाबलं तर कॅमेरा हलतो, म्हणून रिमोट किंवा संगणकाला जोडलेली वायर हवी. बॅटरी बदलताना कॅमेरा हमखास सरकतो. बॅटरीच्या जागी बसणारी आणि प्लगवर चालणारी डमी बॅटरी घ्या. या सगळ्या प्रकरणात सर्वांत उपयोगी खरेदी तीच. ट्रायपॉडचे पाय फरशीला ग्लूगनने चिकटवून टाका आणि मधल्या दांड्याला वाळूची पिशवी टांगा.

तुमचे दोन्ही हॅलोजन मात्र काढून टाका. गावात शेतीपंप सुरू झाले की दाब उतरतो आणि हॅलोजनचा उजेड दाबाबरोबर खालीवर होतो. शिवाय क्ले मऊ पडण्यात एप्रिलचा जेवढा हात आहे तेवढाच त्या दिव्यांचा आहे. रंग खरे दाखवणारे, खोक्यावर सीआरआय ९० किंवा त्याहून जास्त लिहिलेले एलईडी घ्या. तीन पुरतात : एक मुख्य, एक समोरून ट्रेसिंग पेपरमधून येणारा मऊ आणि एक मागून, बाहुलीची कड उजळवणारा. दाब फारच नाचत असेल तर पॉवर बँकेवर चालणारे यूएसबी दिवे वापरा, पॉवर बँक संपेपर्यंत ठरावीक दाब देते. खिडकीला जाड काळा कागद, कडेने चिकटपट्टी.

हे सगळं झालं की बाहुलीला हात न लावता ४८ फोटो काढा आणि चालवून पाहा. चित्र दगडासारखं स्थिर दिसेपर्यंत एकही शॉट सुरू करू नका. दर शूटिंगच्या दिवशी, आधी. पाच मिनिटांचं काम आहे आणि अख्खा रविवार वाचवतं. फोनवर फिल्म करणाऱ्यांनीही हेच करावं : स्टॉप मोशन स्टुडिओसारख्या अ‍ॅपमध्ये एक्स्पोजर, फोकस आणि रंग कुलूपबंद करता येतात. फोनच्या लेन्समध्ये बहुधा अ‍ॅपर्चर मिटतच नाही, त्यामुळे ती एक डोकेदुखी कमी.

कॅमेऱ्याचा प्रश्न इथेच संपतो. फुल एचडीची एक फ्रेम म्हणजे जेमतेम २० लाख पिक्सेल, फोर-केची साधारण ८३ लाख. तुमच्या कॅमेऱ्याचा फोटो २ कोटी ४० लाखांचा आहे. त्यात आणखी काय हवं? जुन्या शॉटमधली थरथर एडिटिंगच्या सॉफ्टवेअरमधले फिल्टर बऱ्यापैकी कमी करतात, पण ती सगळ्या चित्रभर सारखी असेल तरच. कोपऱ्यातली सरकती झाक त्यांना आवरत नाही. तेवढे शॉट नव्याने घ्या.

कोपर. पत्रात तारेचा प्रकार नाही, पण तुम्ही लिहिलंय की तार ‘एम-सीलच्या कडेलाच’ तुटते, आणि कारण त्यातच आहे. तार एकाच बिंदूत वाकली की तिथला धातू कडक होत जातो आणि शेवटी चिरतो. एम-सीलचं हाड जिथे एकदम संपतं तिथे तारेला दुसरीकडे वाकायला जागाच नसते. दोन हाडांच्या मध्ये ८ ते १० मिलिमीटर तार मोकळी सोडा आणि हाडाची टोकं सरळ कापलेली न ठेवता निमुळती करा. तार अ‍ॅल्युमिनियमचीच हवी, बोन्साय करणारे वापरतात ती मऊ. बांधकामाची बाइंडिंग तार वाकवल्यावर थोडी परत फिरते, आणि तांब्याची लवकर कडक होते. तुमच्या २० सेंटिमीटरच्या बाहुलीला हातांसाठी दीड मिलिमीटरच्या दोन तारा एकत्र पिळलेल्या, पायांना आणि पाठीला ३ मिलिमीटरच्या. पीळ सैल ठेवा. ड्रिलमध्ये धरून घट्ट पिळली तर बाहुली जन्मतःच थकलेली असते.

तरीही तार तुटणारच, हे धरून चाला. खांद्यात पितळेची चौकोनी नळी एम-सीलने पक्की बसवा आणि हाताच्या टोकाला तिच्यात जेमतेम सरकेल अशी दुसरी. नळी चौकोनी यासाठी की गोल नळीत हात स्वतःभोवती फिरतो. मग हात खेचून काढता येतो आणि दुसरा लावता येतो. मुलीचे उजवे हात चार, डावे तीन, एकाच दिवशी, एकाच मापाने करून ठेवा. शॉटच्या मध्ये हात तुटला तर संगणकावर आधीच्या फ्रेमची पुसट छाया दाखवणारी ऑनियन स्किन चालू करून नवा हात त्याच जागी बसवता येतो. ही सोय ड्रॅगनफ्रेम या स्टॉप-मोशनच्या सॉफ्टवेअरमध्येही आहे आणि फोनच्या अ‍ॅपमध्येही.

पायाचं तुम्ही विचारलेलं नाही, पण बाहुली चालताना डुलत असेल तर तेही करून घ्या. तळव्यात एम-३चा नट एम-सीलमध्ये बसवायचा. सेटखाली १२ मिलिमीटरचा प्लाय, पाऊल पडेल तिथे भोक, खालून बोल्ट. मागची भोकं सेटच्याच रंगाच्या क्लेने बुजवायची.

क्ले फक्त चेहऱ्याला ठेवा. डोक्याचा गाभा चुरगळलेल्या फॉइलचा, वर तीन-चार मिलिमीटरचा थर. डोकं हलकं झालं की मानही टिकते आणि नाकही घसरत नाही. हात कापडाचे किंवा तारेवर गुंडाळलेल्या कापसावर लेटेक्सचे. अंग तुम्ही आईच्या जुन्या लुगड्यातून शिवलंच आहे. रंग बदलताना हात ओल्या वाइपने पुसा, आणि फिक्या रंगाचं काम आधी, गडद नंतर. चेहऱ्यावर दर फ्रेमला बदलणारे बोटांचे ठसे थोडे राहिले तर राहू द्या.

फडाबद्दल मात्र सावध. तुम्ही खरं पाचट वापरलंय, ते फार सुंदर दिसत असणार, पण वाळकी पाती रात्रीच्या दमट हवेत उघडतात आणि दिव्याखाली परत वळतात. शनिवारचा फड रविवारी तसाच नसतो. प्रत्येक पात्याच्या मागे पातळ तार चिकटवा आणि एक भाग फेव्हिकॉल, तीन भाग पाणी असा हात मारा. पुढची रांग बाहुलीपासून एवढी लांब ठेवा की मनगट घासणार नाही. फडाचे तीन पडदे करा : पुढे खरी पाती, मध्ये कागदाची, मागे पुठ्ठ्यावर रंगवलेली. आणि फडात घेतलेला शॉट त्याच बैठकीत संपवा. वारा दाखवायचा असेल तर सगळी पाती एकाच दिशेने, थोडी थोडी. एखादंच पातं उडी मारताना दिसलं की बघणाऱ्याला तिथे हात दिसतो.

आता सर्वांत अवघड सल्ला. फिल्म तीन मिनिटांची करा.

तुमच्या आराखड्यात पहिलं दीड मिनिट बैलगाडीचं आगमन आहे. चार पायांच्या जनावराची चाल हे या कलेतलं सर्वांत कठीण काम, आणि तुम्ही दोन बैल जुंपलेत. आठ पाय, दर फोटोला. ते पाय दाखवायलाच हवेत का? ही गोष्ट मुलीची आहे. ती गाडीत, भांड्यांच्या आणि उसाच्या वाढ्यांच्या (शेंड्यांच्या) मध्ये बसलेली असते. तिला दिसतात बैलांच्या पाठी, शिंगं, आणि मागे पडणारा रस्ता. कॅमेरा तिच्या जागी ठेवा. शिंगं काडीवर बसवून डुलवली की बैल चालतात. खाली एक चाकाचा शॉट. रबरी टायर फिरलेलं कळत नाही, म्हणून त्यावर चिखलाचे दोन-तीन कमीजास्त डाग द्या आणि दर फोटोला आठ-दहा अंशच फिरवा. लांबून गाडी दाखवायची असेल तर पुठ्ठ्याचं कट-आउट करा. सिंधुदुर्गातल्या पिंगुळी गावच्या ठाकर कलावंतांच्या चामड्याच्या बाहुल्या पाहा : सांधे मोजकेच, आकृती एका बाजूने, तरी अख्खी फौज उभी राहते.

सातपैकी तीनच पात्रं हलवा : मुलगी, भाऊ, आई. बाप पाठमोरा मोळी बांधतोय. मुकादमाचे फक्त बूट आणि आवाज. कोपीच्या दारात बसलेल्या मुलीला तो दिसतोही तेवढाच. संवाद कमीत कमी ठेवा. ओठ जुळवायचे नसले की चेहऱ्याचं काम निम्मं होतं. मग सगळ्या शॉटची कच्ची चित्रं काढून, फोटो घेऊन, कच्च्या आवाजावर लावा आणि तीन मिनिटांची ती अ‍ॅनिमॅटिक दोघा-चौघांना दाखवा. कुठे कंटाळा येतो ते बाहुली हलवण्याआधी कळेल. यासाठी ब्लेंडर हे फुकट सॉफ्टवेअर किंवा डाविंची रिझॉल्व्ह या एडिटिंगच्या सॉफ्टवेअरची फुकट आवृत्ती पुरते.

नवा हिशेब : १८० सेकंदांतली तीसेक तुमच्या जुन्या शॉटमधून मिळतील. उरली १५०, म्हणजे १,८०० फोटो. तुमच्या सत्तरच्या वेगाने २६ दिवस. एक तृतीयांश काम बिघडेल असं धरलं तरी चाळीसच्या आत, म्हणजे वीस शनिवार-रविवार. दिवाळीची सुट्टी त्यात धरली तर आणखी कमी. मे महिन्यात शूटिंग ठेवू नका; त्या सुट्टीत एडिटिंग आणि आवाज करा. बिनपगारी रजेने हा हिशेब फारसा बदलत नाही. तुमचा वेळ कमी पडत नव्हता, शॉट बिघडत होते. आणि बाहुलीसमोर सलग चार-पाच तासांनंतर हात जड होतात. दिवसभर मोकळा मिळाला म्हणून काम दुप्पट होत नाही. पगार चालू ठेवा आणि त्यातून एकच गोष्ट मिळवा : अशी खोली, जिथे सेट शनिवार ते शनिवार कुणी हलवणार नाही. जागा चार बाय तीन फुटांच्या टेबलाची, पण दाराला कुलूप हवं.

भाच्याचं. त्याच्यावर रागावू नका, त्याने तुम्हाला मदत म्हणूनच ते दाखवलं असणार. स्वतःला एक खरं विचारा : तुम्हाला ही गोष्ट फक्त सांगायची आहे, की बनवायची आहे? गोष्ट लोकांपर्यंत लवकर जावी एवढंच हवं असेल तर संगणक घ्या, त्यात कमीपणा काही नाही. पण दोन पानांच्या पत्रात पाऊण पान तुम्ही पाचट कसं निवडलं, कोपीचं कुडाचं तोंड कसं बांधलं आणि लुगड्याचा काठ मुलीच्या परकराला कसा आला, यावर लिहिलंय. थ्रीडी शिकण्याबद्दल एक ओळ. ते पाचट त्याच फडातलं आहे जिथे ती मुलं दिवस काढतात. संगणक तसं दिसणारं काहीतरी देईल. ते मात्र देणार नाही. संगणक जिथे उपयोगी आहे तिथे जरूर वापरा. उडी मारणाऱ्या भावाला आधाराची तार लावा, त्या शॉटआधी रिकाम्या सेटचा एक फोटो घेऊन ठेवा आणि नंतर त्या फोटोवरून तार पुसून टाका.

पुढे हेच पूर्णवेळ करायचं मनात असेल तर अहमदाबादची एनआयडी ही राष्ट्रीय डिझाइन संस्था आणि मुंबई आयआयटीचा आयडीसी हा डिझाइन विभाग इथे अ‍ॅनिमेशनचं रीतसर शिक्षण मिळतं. तो निर्णय ही फिल्म पूर्ण झाल्यावर घ्या, तिच्यासाठी नको.

घरच्यांना समजावत बसू नका. काहीतरी पूर्ण झालेलं दाखवा. दादासाहेब फाळक्यांनी पहिल्या चित्रपटाला भांडवल मिळवताना हेच केलं होतं : वाटाण्याच्या रोपाची वाढ एक-एक फ्रेम टिपून छोटीशी फिल्म केली आणि ती पैसे देणाऱ्यांना दाखवली. तुमच्याकडे आईचा कोयता आहे. वर लिहिलेले १४ फोटो, त्याआधी मुलीचं वळून पाहणं, त्यानंतर भावाचं रडणं; वीस सेकंदांत सुरुवात, मध्य आणि शेवट, आवाजासकट. पुढच्या तीन शनिवार-रविवारांत होईल.

आणि एक गोष्ट लांबणीवर टाकू नका. मुलीचा आवाज तुम्ही तुमच्याच शाळेत हंगामापुरत्या येणाऱ्या एका विद्यार्थिनीचा घेणार आहात, असं पत्रात आहे. तिच्या आई-वडिलांना अ‍ॅनिमॅटिक दाखवा, आवाज कशासाठी हवाय ते त्यांना कळेल असं सांगा, लेखी होकार घ्या, श्रेयनामावलीत तिचं नाव हवं की नको हे त्यांनाच ठरवू द्या, आणि मानधन द्या. फडातले आवाजही तेव्हाच घ्या : कोयत्याचा घाव, मोळी आवळताना पाचटाची करकर, गाडीच्या जूचा कुरकुराट, पहाटेची कोपी. वेव्ह फाइल, ४८ किलोहर्ट्‌झ, फोन विमान मोडवर, माइकवर स्पंजचा तुकडा, आणि प्रत्येक जागेची एक मिनिट नुसती शांतता वेगळी. आवाज शूटिंगच्या आधी हातात हवा, कारण फोटो त्यावरून मोजायचे आहेत. आणि एकदा कारखान्याचा पट्टा पडला, म्हणजे गाळपाचा हंगाम संपला, की ही कुटुंबं दोन दिवसांत गाव सोडतात.